आत्याचं नूमण

माझ्या आत्याला एक भाषा येते, ती कितीतरी वर्षं जगात दुसरं कुणीच बोलत नव्हतं. पूर्वी आणखी एकाला येत होती, तिच्या धाकट्या भावाला, म्हणजे माझ्या वडिलांना. त्यांनी ती सोडून दिली आणि आत्या एकटीच तिच्यात बोलत राहिली.

भाषा म्हटलं की लोकांना वाटतं, शब्द वेगळे असतील. तसं काही नाही. शब्द आपलेच, रोजचे. फक्त गाडी उलटी जुंपलेली. आपण म्हणतो, पाऊस आला म्हणून छत्री उघडली. आत्या म्हणते, "छत्री उघडली नूमण पाऊस आला." तिच्या भाषेत जे घडलं ते आधी, आणि घडलेली गोष्टच आपलं कारण मागून ओढून आणते. 'म्हणून' हा शब्द तिने लहानपणी उलटा वाचून पाहिला होता. तो जिभेवर बसेना, तेव्हा ठोकूनठाकून त्याचा नूमण केला.

याची सुरुवात एका आरशापासून झाली. बाबांनी घरात चेंडू मारला आणि दाराजवळच्या आरशाला उभा तडा गेला. आजी हात उगारून आली. बाबा तेव्हा एवढेसे, भिंतीला चिकटून उभे. आत्या त्यांच्यापेक्षा चार वर्षांनी मोठी. ती मध्ये येऊन शांतपणे म्हणाली, "आई, आरसा फुटला नूमण चेंडू आला. फुटायचं आधीच ठरलं होतं. चेंडू बिचारा मागाहून आला." आजीला हसू फुटलं, आणि हसणाऱ्या माणसाला नीट मारता येत नाही. बाबा वाचले. त्या दिवसापासून दोघा भावंडांनी ती भाषा वाढवायला घेतली.

नियम मात्र पक्के होते. नूमणमध्ये 'का' हा प्रश्नच नाही. विचारायचं असेल तर "मग काय आलं?" असं विचारायचं. कारण म्हणजे नंतर आलेला पाहुणा, आणि पाहुण्याला कुणी जाब विचारत नाही. एखादी गोष्ट घडली आहे पण तिचं कारण अजून यायचं आहे, असं असेल तर नूमणार म्हणायचं. "मी पाटी धुतली नूमणार उद्या परीक्षा येईल." आणि कारण आलंच नाही, कधी येणारही नाही, तर वाक्य नूमणपाशीच थांबवायचं आणि थोडा वेळ गप्प राहायचं. त्याला ती दोघं लोंबतं वाक्य म्हणायची. याखेरीज एकाने वाक्य अर्धं सोडायचं आणि दुसऱ्याने लगेच पुरं करायचं, हा त्यांचा आवडता खेळ. मला विचाराल तर शुद्ध पोरखेळ. पण पोरखेळातच माणसं एकमेकांना धरून ठेवतात, हे मला फार उशिरा कळलं.

आत्याने लग्न केलं नाही. का केलं नाही, हे विचारायची सोय नव्हती, ते तर सांगितलंच. ती एका लॉंड्रीत डाग काढते. पुढे काउंटर, त्यामागे वाफेच्या इस्त्र्या, आणि सगळ्यात मागे एका टेबलापुरती खोली. त्या खोलीत तिचं राज्य. खिडकी अशी की उजेड भरपूर पण थेट ऊन नाही, उन्हात डाग खोटा दिसतो म्हणे. फळीवर बाटल्या, स्पिरिटची, टर्पेंटाइनची, ग्लिसरीनची. खडूची भुकटी एका जुन्या डब्यात, आणि टीपकागदांची चळत. ब्रश सगळे मऊ, दात घासायच्या ब्रशाएवढे.

तिचा एक दंडक आहे. डाग कशाचा, हे गिऱ्हाइकाने सांगायचं नाही. काउंटरवाला नवा होता तेव्हा तो विचारून ठेवायचा आणि आत येऊन सांगायचा, "चहाचा आहे." आत्या त्याला हाकलून द्यायची. तिचं म्हणणं, माणूस स्वतःच्या वयाबद्दल बोलणार नाही इतकं खोटं डागाबद्दल बोलतो. नवऱ्याच्या शर्टावर काय सांडलं ते बायको वेगळं सांगते, नवरा वेगळं. कापड मात्र खोटं बोलत नाही. आधी डाग बघायचा, तोच आपलं कारण सांगतो. आणि काढायचा तो नेहमी उलट्या बाजूने. पुढून घासलं की डाग आणखी आत शिरतो. कापड पालथं घालायचं, खाली टीपकागद ठेवायचा आणि मागून हलके हलके ढकलायचा. आला त्या वाटेने त्याला परत जाऊ द्यायचं.

"हे सगळं नूमणच आहे ग," ती मला म्हणायची. "लोकांनी त्याला धंद्याचं नाव दिलं एवढंच."

मी लहान असताना आम्ही सगळे एकत्र राहायचो. तिसऱ्या मजल्यावर आजी, आत्या, आईबाबा आणि मी. बाबा सायकलने कामाला जायचे. सायकल खाली ठेवली तर चोरीला जाईल म्हणून ती दुसऱ्या मजल्याच्या वळणावर कठड्याला बांधलेली असायची. साखळीला घालायचं तेल बाबा स्वतः बनवायचे. गाडीचं जुनं काळं तेल, त्यात थोडं रॉकेल आणि त्यात पेन्सिलीच्या शिशाची पूड. ती पूड करायचं काम माझं. पेन्सिलींचे तुकडे जमवून मी दगडाने शिसं कुटायची आणि बोटं चांदीसारखी चमकली की खूश व्हायची. बाबांच्या त्या मिश्रणाने साखळी खरंच गुपचूप चालायची. पण पँटच्या पायाला ते लागलं की आत्या हात टेकायची. "तेल निघेल," ती म्हणायची, "पण शिसं ठाण मांडून बसतं. तुझ्या बापाने अमर व्हायचा हा एक मार्ग काढलाय." सबंध गावात त्या रंगाचा डाग दुसरीकडे कुठे सापडला नसता.

आजी गेली त्या दिवशी मी शाळेत होते. घरी आले तेव्हा जिन्यात माणसंच माणसं होती. मला जे कळलं ते सगळं नंतर, तुकड्यातुकड्यांनी. सकाळी आत्या कामाला निघाली ती दुकानाच्या मागच्या खोलीची किल्ली घरीच विसरली. थोड्या वेळाने आजीला ती टेबलावर दिसली. पोरगी बंद दाराशी उभी राहील म्हणून आजी शाल लपेटून घाईने निघाली, आणि दुसऱ्या मजल्याच्या वळणावर पडली. डोक्याला मार लागला. दवाखान्यात नेईपर्यंत सगळं संपलं होतं.

आजीला पोचवून सगळे परत आले. घर भरलेलं होतं. बाबा खुर्चीवर बसले होते आणि आत्या त्यांच्यासमोर जमिनीवर.  मग बाबा सगळ्यांदेखत म्हणाले, "ताई किल्ली विसरली म्हणून आई गेली."

आत्याने त्यांच्याकडे पाहिलं. तिचा चेहरा मला अजून आठवतो. त्यावर राग नव्हता, कुणाची तरी वाट बघावी तसा तो होता. ती हळूच म्हणाली, "आई गेली नूमण…" आणि थांबली. पुढचं बाबांनी म्हणायचं होतं. लहानपणापासून ते म्हणत आले होते. एवढं वाक्य त्यांनी उलटं करून पुरं केलं असतं, तर तिच्या डोक्यावरचा धोंडा उतरला असता. बाबा उठून उभे राहिले. "हा पोरकटपणा आता बंद," ते म्हणाले. दोघांचं बोलणं तिथे संपलं, ते वीस वर्षं.

आत्या एक पिशवी आणि आजीची शाल घेऊन बाहेर पडली आणि लॉंड्रीच्या वरच्या खोलीत राहायला गेली. खोलीत एक पलंग, एक स्टोव्ह आणि दोन खुर्च्या. दुसऱ्या खुर्चीवर मी बसायची, तीही आठवड्यातून एकदा, सुट्टीच्या दिवशी. मी एका दाताच्या दवाखान्यात नंबर लावायचं काम करते. दिवसभर लोकांचे सुजलेले गाल बघून झाल्यावर आत्याची ती खोली मला बरी वाटायची. बाबांना ठाऊक होतं, मी कुठे जाते ते. त्यांनी कानाडोळा केला. कधी विचारलं नाही, आणि कधी थांबवलंही नाही.

इतर दिवशी आत्याकडे कुणी यायचं नाही. दुकान बंद झालं की जिना चढून ती वर यायची आणि सकाळपर्यंत तिच्याशी बोलायला माणूस नसायचा. ती खोलीशी बोलायची. मी एकदा दाराबाहेर उभी राहून ऐकलं. "स्टोव्ह पेटला नूमण भूक आली," असं ती भांड्याला सांगत होती. चहाचे कप ती नेहमी दोन मांडायची. पहिल्यांदा मला वाटलं, माझ्यासाठी. पण मी न सांगता गेले तरी ते दोनच असायचे. दाराला कडी कधी नसायची. मी रागावले, एकटी बाई, दार सताड उघडं टाकून बसतेस. ती म्हणाली, "दार उघडं आहे नूमणार तो येईल."

त्या एका वाक्यावर तिने किती वर्षं काढली, हे आठवलं की मला अजून भरून येतं. आपण लोक वाट बघतो तेव्हा काहीच करत नाही, नुसते बसून असतो. ती घडण्याचा शेवट आधीच मांडून ठेवायची, कप, खुर्ची, उघडं दार. तिच्या भाषेच्या नियमाने कारणाला आता यावंच लागणार होतं. ते येत नव्हतं. तरी ती नूमणार म्हणायची, लोंबतं वाक्य कधी केलं नाही.

मी ती भाषा शिकून घेतली. म्हटलं, आपण तरी उत्तर देऊ. एकदा मी ऐटीत म्हटलं, "मी धापा टाकतेय नूमण तुझा जिना उंच झाला." आत्या हसली, कौतुकही केलं. पण तिचे डोळे हलले नाहीत. "चुकलं नाही तुझं," ती म्हणाली, "पण तू पुस्तकातून बोलल्यासारखं बोलतेस. तो झोपेत बोलायचा." मी पुन्हा प्रयत्न केला नाही.

शालीची गोष्ट एका हिवाळ्यात कळली. मला तिच्याकडे असताना थंडी वाजून ताप भरला. ती खाली कामात होती. मी पांघरूण शोधायला तिचं कपाट उघडलं आणि तळाशी चादरीत गुंडाळलेली आजीची शाल हाताला लागली. राखाडी लोकरीची, मऊ, आजीच्या अंगाची. मी ती पांघरायला उलगडली, तर काठाशी तळहाताएवढा डाग. काळपट, कडक झालेला. मला आश्चर्य वाटलं. जगाचे डाग काढणाऱ्या बाईने घरातला एक डाग तसाच ठेवावा? मी तो काठ खिडकीकडे धरला. उजेडात डाग चांदीसारखा चमकला.

मी पलंगावर बसून राहिले. ताप कुठल्या कुठे गेला. ते शिसं माझ्या हातचं होतं. त्या सकाळी आत्या जिना उतरून गेली. तिच्या मागून बाबा निघाले, वळणावर त्यांनी साखळीला तेल घातलं, थोडं सांडलं असणार, आणि ते कामावर गेले. मग किल्ली घेऊन आजी आली. पुढे इतक्या लोकांच्या पावलांनी जिना तुडवला गेला की जमिनीवर काही उरलं नाही. फक्त शाल त्या तेलातून फरफटली होती, आणि शाल आत्याने उचलून नेली.

आत्या वर आली आणि माझ्या मांडीवर शाल बघून दाराशीच थांबली.

"कळलं तुला," ती म्हणाली.

"तुला कधी कळलं?"

"त्याच दिवशी. माझा धंदाच आहे तो."

"आणि तू गप्प राहिलीस? त्यांनी सगळ्यांसमोर तुझ्यावर ढकललं, तू घर सोडलंस, इतकी वर्षं एकटी काढलीस, आणि एक शब्द बोलली नाहीस. का?"

"आता तूही का विचारायला लागलीस," ती म्हणाली आणि माझ्याशेजारी बसली. "हे बघ, मी किल्ली विसरले, हे खरंच आहे. मला ते पेलतं. त्याला नाही पेलायचं. आरसा फुटला तेव्हा तो कितीतरी दिवस आरशासमोर जात नव्हता. मार वाचला होता, तरी. आईचं त्याला कळलं तर तो जिवंत राहील, पण माणूस म्हणून उरणार नाही."

"मग डाग काढून का नाही टाकलास?"

ती बराच वेळ शालीवरून हात फिरवत राहिली. "मी काही संत नाही ग. कधी कधी फार राग येतो. झोप येत नाही. मग ही काढते आणि बघते. आईला पाडणारी मी नव्हते, एवढं डोळ्यांनी बघितलं की झोप लागते." मग तिने ती घडी करून ठेवून दिली. "तुझ्या पोटात राहू दे हे."

पोटात ठेवणं सोपं नव्हतं. मला बाबांचा इतका राग आला की त्यांच्याशी धड बोलणं होईना. ती सायकल आता कुणी वापरत नव्हतं, ती आमच्या नव्या घराच्या बोळात भिंतीला टेकून होती. येताजाता ती दिसली की माझं डोकं फिरायचं. एकदा जेवताना आई काहीतरी आणायला विसरली, तर बाबा म्हणाले, "आमच्या ताईसारखी विसराळू झालीस." शब्द माझ्या जिभेच्या टोकावर आले होते. मी ताट तसंच ठेवून उठले. बाबांना वाटलं, दवाखान्यात काहीतरी बिनसलं असेल.

मग बाबांच्या हृदयाची झडप बिघडल्याचं निघालं. ऑपरेशन ठरलं. तारीख मिळाल्यावर तिसऱ्या दिवशी ते मला म्हणाले, "मला ताईकडे घेऊन चल. माफ करून टाकतो तिला. काय सांगावं, पुढे राहून जायचं. आणि आईची शाल आहे तिच्याकडे. ती माग तिच्याजवळ. दवाखान्यात अंगावर घेईन म्हणतो."

मी आत्याला हे सांगायला गेले तेव्हा ती एका लग्नाच्या कोटावर वाकलेली होती. 'तो येणार' एवढं ऐकून तिने ब्रश खाली ठेवला. शालीचं ऐकल्यावर तिचा हात टेबलावर तसाच राहिला.

"तशीच दे," मी म्हटलं. "धुवू नकोस. ते तेल त्यांनी स्वतःच्या हातांनी बनवलंय, बघताक्षणी ओळखतील. माफ करायला निघालेत. बघू दे एकदा, कुणी कुणाला माफ करायचं ते."

"त्याची छाती उघडणार आहेत," आत्या म्हणाली, "आणि त्याआधी मी त्याच्या हातात हे देऊ?"

"मग दुसरी एखादी शाल दे. हरवली म्हणून सांग."

"त्याने आईची मागितलीय."

 मला दिसत होतं ते तिलाही दिसत होतं. शाल डागासकट दिली तर भाऊ जन्माचा गेला. डाग काढला तर तिची बाजू सांगणारी जगातली एकुलती एक गोष्ट गेली.

तिने डाग काढला. इतका जुना डाग म्हणजे कापडाचाच भाग झालेला असतो. दुकानाचं काम आटोपलं की ती रोज थोडी थोडी बसायची. शेवटच्या दिवशी तिने मला बोलावून घेतलं, नुसतं शेजारी बसायला. शाल पालथी होती, खाली टीपकागद. ग्लिसरीनने मऊ करून ठेवलेल्या जागेवर ती टर्पेंटाइनचा बोळा टेकवायची आणि ब्रशाच्या टोकाने टिचक्या मारल्यासारखी ठोकायची. घासत नव्हती. कागद काळा झाला की बदलायचा. तो करडा झाला, मग फिकट, तरी तिरका धरला की त्यावर चांदीचे कण दिसत होते. खडूची भुकटी, पुन्हा बोळा, पुन्हा कागद. माझ्या लहानपणचं ते शिसं मी एकेक कण जाताना बघत होते. मध्ये एकदा मला वाटलं, तिचा हात धरावा. मी धरला नाही.

अखेर कागद कोरा निघाला. आत्याने शाल सुलटी केली. काठाशी लोकर थोडी विरळ आणि फिकट झाली होती, बाकी काही नाही. तिने काळे कागद गोळा करून कचऱ्यात टाकले आणि हात धुऊन पुसले.

"डाग गेला नूमण," ती म्हणाली, आणि पुढे काहीच म्हणाली नाही. तिचं लोंबतं वाक्य मी तेव्हा पहिल्यांदा ऐकलं.

बाबा जिना चढले ते चार ठिकाणी थांबत. दार उघडं होतं. त्यांनी चौकटीला हात टेकला आणि आत पाहिलं. आत्या स्टोव्हजवळ उभी होती. माझ्या लक्षात आलं, हे दोघं एकमेकांना शेवटचं भेटले तेव्हा दोघांचेही केस काळे होते.

"दार उघडंच ठेवतेस?" बाबा म्हणाले.

"हो."

"चोरबीर येईल एखादा."

"बस, धाकट्या. दम लागलाय तुला."

बाबा दुसऱ्या खुर्चीवर बसले, ती मांडून ठेवलेल्या खुर्चीवर. आत्याने चहा ओतला. मी पलंगाच्या कडेला. बोलणं ऑपरेशनचं झालं, डॉक्टरचं झालं, घरमालकाचं झालं. मग आत्याने शाल आणून त्यांच्या हातात दिली. बाबांनी ती नाकाशी धरली, डोळे मिटले, खांद्यावर घेतली. काठ त्यांच्या हातात आला. त्यांची बोटं आयुष्यभर साखळ्या आणि नट चाचपणारी. ती त्या फिकट जागेवर जाऊन थांबली.

"इथे काय होतं ग, ताई?"

मी खाली फरशीकडे बघत बसले. 

आत्या कप विसळत होती. तिने मान वळवली नाही. "मी तिथे घासलं नूमण डाग पडला असेल," ती म्हणाली.

बाबा तिच्या पाठीकडे बघत राहिले. मग त्यांना हसू यायला लागलं. छातीला हात लावून, दम लागत, ते हसत राहिले, डोळ्यांतून पाणी येईपर्यंत. आणि हसू ओसरल्यावर त्यांनी दाराकडे पाहिलं आणि एकदाही न अडखळता म्हणाले, "मी आलो नूमण तू दार उघडं ठेवलंस."

आत्याच्या हातातला कप मोरीत निसटला. तिने दोन्ही ओल्या हातांनी तोंड झाकून घेतलं आणि तशीच उभी राहिली. माझ्याशी बोलताना न हललेले तिचे डोळे तेव्हा कसे होते, ते मला दिसलं नाही.

निघताना बाबा दाराशी थांबले. "ताई, त्या किल्लीचं मी मनातून काढून टाकलंय. माफ केलं तुला."

"बरं केलंस, धाकट्या," आत्या म्हणाली.

टॅक्सीत बाबा खुशीत होते. खिडकीबाहेर बघत म्हणाले, "चूक तिचीच होती म्हणा. पण माणसाने किती वर्षं धरून बसायचं?" शालीचा काठ माझ्या गुडघ्यावर आला होता. मी त्या फिकट जागेवर हात ठेवला आणि घर येईपर्यंत उचलला नाही.

ऑपरेशन नीट झालं. बाबा आता दर आठवड्याला आत्याकडे जातात. जिना एका दमात चढतात. दोघं बसून तासन्‌तास नूमण बोलतात, मला निम्मं कळत नाही, इतकं ते झरझर चालतं. येताना बाबा काउंटरवर थांबून गप्पा मारतात. काउंटरवाल्याला त्यांनी किल्लीची गोष्टही सांगितली, अगदी सहज, आपण एखादी जुनी गंमत सांगतो तशी. मनात अढी उरली नाही, त्यामुळे ती गोष्ट आता त्यांना कुठेही सांगता येते. आत्या मागच्या खोलीत ऐकत असते. ब्रश चालू असतो.

मी तिला एकदा विचारलं, "आता झोप लागते?"

"तुला माहीत आहे ना," ती म्हणाली. "तेवढं पुरे."

पण ते पुरत नाही. अधूनमधून, दुकान बंद झाल्यावर, तिचा फोन येतो. ती नूमणमध्ये बोलत नाही. तुमच्याआमच्यासारखं साधं बोलते.

"जेवलीस?"

"बसतेच आहे."

मग थोडा वेळ नुसता तिचा श्वास ऐकू येतो.

"मी नव्हते ना ग?"

"नव्हतीस, आत्या," मी म्हणते, आणि ती फोन ठेवते.